एकसष्टावा सीन

मंगळवार, ११ जानेवारी १९७२

पोस्टर आलं. झकास झालंय. वर किल्ला, किल्ल्यामागे चंद्र, खाली पांढऱ्या झग्यातल्या तीन बायका. नाव 'रेव्हनहर्स्टची विधवा'. पोस्टरवरच न्यूयॉर्कच्या वितरक गॅसनरने होकार दिला, म्हणजे आता पटकथा लिहायला हरकत नाही. आमच्याकडे बारसं आधी आणि पोर मागाहून, हे वीस वर्षं असंच चाललंय. गोष्टीत विधवा एकच होती. पोस्टरात तिघी म्हटल्यावर दोन बहिणी वाढवाव्या लागल्या.

दुपारी दिग्दर्शक रॉडनीला हाडकाची पद्धत समजावून सांगितली. पोरगा एकोणतीस वर्षांचा, सिनेमाच्या शाळेत शिकलेला. तिथे हे शिकवत नाहीत. म्हटलं, "बाबा रे, सेन्सॉर म्हणजे दारात बसलेला कुत्रा. आपण एक सीन असा भयंकर करायचा की तो त्याच्यावर तुटून पडेल. तो हाडूक चघळत बसला की बाकीचं मटण घेऊन आपण मागच्या दाराने पसार."

"म्हणजे तो सीन कापण्यासाठीच करायचा?"

"अगदी. आणि असा लिहायचा की काढला तरी गोष्टीचं काही अडत नाही."

यंदाचं हाडूक सीन एकसष्ट. विधवेचा म्हातारा बाप तळघरात जातो, रक्तपिशाच्च झालेल्या लेकीची शवपेटी उघडतो आणि तिच्या छातीत खुंटा ठोकतो. किंकाळ्या, रक्त, सगळं. रॉडनी म्हणाला, "मग बापाच्या कामाला कुणीही चालेल." तेव्हाच माझ्या डोक्यात ऑब्री आला. या कल्पनेवर मी दिवसभर खूश आहे.

शुक्रवार, १४ जानेवारी

होव्हला जाऊन ऑब्री कार्ल्यॉनला जेवायला नेलं. एकाहत्तर वर्षांचा झालाय. चौदा वर्षं पडद्यावर तो आमचा रक्त पिणारा काउंट होता. आमच्या नदीकाठच्या स्टुडिओची एक एक वीट त्याच्या दातांनी कमावलेली आहे. शेवटच्या सिनेमात एका वाक्याला सत्तावीस टेक झाले. तेव्हापासून पाच वर्षं मी त्याला काम दिलेलं नाही. हल्ली एका मसाल्याच्या जाहिरातीत आवाज देतो. आज त्याने मासा सोलला तेव्हा उजवा हात चांगलाच थरथरत होता. मी खिडकीबाहेर बघत राहिलो.

म्हणून तर हे हाडूक त्याच्यासाठी उत्तम. बिचाऱ्याला चार दिवस काम, चांगले पैसे, खुर्चीवर नाव. वाक्यं विसरला, हात थरथरला, तरी जगाला दिसणार नाही, कारण सेन्सॉर सगळंच कापणार. साप मरेल आणि काठीही तुटणार नाही.

त्याने पानं वाचली. मग चष्मा काढून विचारलं, "एकसष्ट. शेवटून दुसरं रीळ का रे?"

"हो."

"आणि खुंटा. आणि रक्त." तो हसला. "तू माझ्यावर फारच प्रेम करतोस बुवा, क्लिफ."

मला फार बरं वाटलं. पुडिंग मागवलं.

गुरुवार, १७ फेब्रुवारी

कोळशाच्या खाणकामगारांच्या संपाने जीव नकोसा केलाय. आमच्या भागातली वीज आज नऊ ते बारा गेली. एकसष्ट दुपारी घेतला. मी सेटवर गेलोच नाही. खरं सांगायचं तर धीर झाला नाही. हाडूक मी कधीच बघत नाही, ना घेताना ना नंतर. जे जाणार त्यात जीव कशाला अडकवायचा? आज तर ऑब्री होता. खोलीत बसून हीटरवाल्याशी भांडलो.

चार वाजता मेकअपवाली वर आली. "मिस्टर ट्रस्लव, कार्ल्यॉनसाहेब रक्त लावूनच घेत नाहीत. बाटली परत दिली मला. म्हणतात, आज नको गं, आज कपडे खराब करायचे नाहीत."

मी म्हटलं, म्हातारपणी माणूस विचित्र होतो, सोडून दे. पण मनात म्हटलं, रक्त नाही तर हाडूक कसलं? रॉडनीला चिठ्ठी पाठवली की खुंट्याचा आवाज नंतर दणकून घाल.

पाचला मी खाली उतरलो तेव्हा सगळं संपलं होतं. एकच टेक. रॉडनीने दया येऊन थांबवलं असणार. सेट चिडीचूप. दिवेवाली माणसं, जी मेलेल्याच्या उशाशी बसूनही पत्ते कुटतील, ती माना खाली घालून उभी होती. त्यांनाही बघवलं नसेल. ऑब्री पेटीच्या कडेवर बसून चहा पीत होता.

"कसं झालं?" मी विचारलं.

"तू बघ ना," तो म्हणाला. "उद्या लॅबमधून आलं की बघ."

"अरे, बघणारच," मी म्हणालो.

शुक्रवार, १८ फेब्रुवारी

कालचं चित्रण बघायला बोलावलं होतं. दात दुखतोय म्हणून सांगितलं. रॉडनी दारात येऊन म्हणाला, "तुम्ही बघायलाच हवं, साहेब." त्याला बहुधा पुन्हा घ्यायचंय. नाही म्हणून सांगितलं. लाजिरवाणी गोष्ट दोनदा कशाला करायची?

बुधवार, १९ एप्रिल

अख्खा सिनेमा पहिल्यांदा जोडून पाहिला. एक्क्याण्णव मिनिटं. बहिणी ठीक. वटवाघळाची दोरी दिसते, ती झाकायला हवी. आठवं रीळ लागताना न्यूयॉर्कचा फोन आला, तो बाहेर जाऊन घेतला. परत आलो तेव्हा पडद्यावर सकाळ झाली होती. संकलक मॉइरा पेटिग्रू आपले डोळे पुसत होती. सर्दी तिला बारा महिने असते.

"पुन्हा लावू का ते रीळ?" तिने विचारलं. मॉइरा अठरा वर्षं माझ्याकडे आहे. ग्लासगोची. फारसं बोलत नाही, आणि बोलली की टोचतं.

म्हटलं, "कशाला? जाणारच आहे ते."

"तुम्ही जायला निघालात म्हणून ते जायलाच हवं असं नाही," ती म्हणाली. याचा अर्थ तिचा तिलाच ठाऊक.

घरी ईनिडला हे सांगितलं. माझी बायको विणता विणता म्हणाली, "ऑब्रीला बघायला तू घाबरतोस."

"मी भुतांचे सिनेमे काढतो, ईनिड."

"तेच म्हणतेय मी. भुतांना घाबरत नाहीस."

शुक्रवार, १२ मे

सेन्सॉरचं पत्र. उलटंच झालं सगळं! दोन्ही बहिणींचा अंघोळीचा प्रसंग निम्मा कापा म्हणतात, जो माझा मुख्य माल होता. आणि एकसष्टाबद्दल एक अक्षर नाही. नाही कसं, एक ओळ आहे, पेनने लिहिलेली: "आठवं रीळ कृपया आहे तसंच ठेवावं." कुत्र्याने हाडूक हुंगून बाजूला ठेवलं आणि मटण खाल्लं! वीस वर्षांत असं झालं नव्हतं. रक्त नव्हतं, म्हणून झालं. ऑब्रीच्या लहरीपायी.

आता त्या म्हाताऱ्याची शोभा गावोगाव होणार. लोक काउंटला हसणार. मला रात्री झोप लागणार नाही. एकदा बघून घ्यायला हवं. पुढच्या आठवड्यात बघेन.

सोमवार, ५ जून

बघायचं राहूनच गेलं. आज गॅसनरचा फोन. अमेरिकेत आमचा सिनेमा दुसऱ्या एकाच्या जोडीला एका तिकिटात दाखवणार, म्हणून चौऱ्याऐंशी मिनिटांच्या वर चालणार नाही. अंघोळ गेल्यावर उरली अठ्ठ्याऐंशी. चार मिनिटं हवीत.

सीन एकसष्ट किती लांबीचा आहे ते वहीत पाहिलं. चार मिनिटं, सहा सेकंद.

देव आहे म्हणायचा.

मंगळवार, ६ जून

मॉइराशी वाजलं. ती टेबलाच्या पलीकडे उभी, गळ्यात फिल्मच्या पट्ट्या, हातातली कात्री खाली ठेवलेली.

"चार मिनिटं मी दुसरीकडून काढून देते. घोडागाडी तीनदा जाते, ती एकदा जाईल. बहिणी जिन्यावरून दोनदा पडतात."

"घोडागाडीला पैसे पडलेत."

"मिस्टर ट्रस्लव, तुम्ही पाहिलाय का हो तो?"

"मला पटकथा पाठ आहे, मॉइरा."

"पटकथेत नाहीच ते! खुंटा ठोकतच नाहीत ते. ते लेकीच्या..."

"पुरे," मी म्हणालो. "मला ऐकायचं नाही. त्या माणसाला तू फक्त पट्ट्यांवर बघतेस, मी बावीस वर्षं ओळखतो. त्याची लाज राखायची की नाही ते मी ठरवीन." आवाज चढला माझा. "आणि तुकडे ठेवायचे नाहीत. नेगेटिव्हसकट लॅबला पाठव, भट्टीत घालायला. उद्या कुणी सिनेमावेडा उकरून काढेल."

तिने कागद पुढे केला. मी सही केली.

"तुम्हाला वाटतं तुम्ही त्यांची लाज राखताय," ती म्हणाली. नोकरमाणसांशी किती वाद घालायचा?

बुधवार, ७ जून

ऑब्रीला फोन केला. हे काम सगळ्यात वाईट. पण त्यासाठीच तर सेन्सॉर असतो.

"ऑब्री, वाईट बातमी आहे. एकसष्ट गेला."

"गेला म्हणजे?"

"सेन्सॉरने कापला."

"किती?"

"सगळा."

तो म्हणाला, "रक्ताचा थेंब नव्हता त्यात, क्लिफ."

"फार भयंकर वाटला म्हणे त्यांना. कौतुकच समज तू."

"कोण म्हणालं? नाव काय त्या माणसाचं?"

"कमिटी असते रे. नाव कशाला?"

"बरं," तो म्हणाला. मग होव्हच्या हवेबद्दल बोललो. त्याने फारसं मनाला लावून घेतलेलं दिसलं नाही. सुटलो.

सोमवार, ११ सप्टेंबर

उन्हाळा धावपळीत गेला, इथे लिहायला जमलं नाही. सिनेमा तीन आठवड्यांत लागेल. पुढच्याचं पोस्टर रंगतंय.

आज ऑब्रीचं पाकीट आलं. त्याच्या चिठ्ठीत एकच ओळ: "क्लिफ, हे तुझ्यासाठी असावं, चुकून माझ्या पत्त्यावर आलं." आत सेन्सॉर ऑफिसच्या मिस ट्रेंच नावाच्या बाईंचं पत्र. ऑब्रीने त्यांना लिहून विचारलं होतं की माझ्या सीनमध्ये आपल्याला नेमकं काय खटकलं ते कळवाल का, म्हणजे या वयातही सुधारता येईल. त्यांचं उत्तर इथे उतरवून ठेवतो. का, ते मला माहीत नाही.

"आपल्या सीनमधली एकही चौकट आम्ही कापलेली नाही. रीळ संपल्यावर आम्हा तिघांपैकी कुणालाही दिवे लावायला सांगायचं सुचलं नाही. अशा सिनेमांची टिपणं मी अकरा वर्षं करते आहे. त्या चार मिनिटांपुढे माझा कागद कोरा आहे. चित्रपट प्रदर्शित झाला की माझ्या आईला घेऊन मी तो पुन्हा बघणार आहे."

हे पत्र मी खुर्चीत बसून वाचलं आणि खुर्चीतच राहिलो. जेवायला गेलो नाही. मी आजवर खोटं पुष्कळ बोललो आहे, आमचा धंदाच तो, पण पकडला गेलो नव्हतो. आज लाज वाटली. खूप वाटली.

मंगळवार, १२ सप्टेंबर

सकाळी आठला मॉइराच्या खोलीत. म्हटलं, "एकसष्ट परत लाव. गॅसनर गेला खड्ड्यात."

तिने हात पुसले. "नाहीये तो."

"लॅबमध्ये असेल. या लोकांच्या कामाला वर्ष वर्ष लागतं."

"मीही त्याच आशेवर होते. तीन वेळा फोन केला त्यांना, थांबा म्हणून. तुमची सही आहे म्हणाले ते." मग अगदी हलक्या आवाजात, "एखादा तुकडा तरी मी चोरून ठेवायला हवा होता. नाही ठेवला. अठरा वर्षांत तुमचा शब्द मोडला नव्हता, म्हणून."

तिने माझ्यावर ओरडायला हवं होतं. ती खाली बसली आणि मीच तिला पाणी आणून दिलं.

गुरुवार, १४ सप्टेंबर

होव्हला गेलो. गाडीत तीन वेगवेगळ्या माफ्या तयार केल्या होत्या, तिन्ही चांगल्या होत्या. एकही उपयोगी पडली नाही.

ऑब्रीने स्वतः चहा केला. कप बशीत खडखडत आणला, अर्धा बशीत सांडलेला, आणि त्याची त्याला जराही लाज नव्हती. मी एकदम बोलून टाकलं: सेन्सॉरने नाही, मी कापला. लांबी जास्त होती. आणि तुझ्यासाठी कापला, लोक हसतील म्हणून.

"लोक हसले असते?"

"मला तसं वाटलं."

"हं." त्याने बिस्किट चहात बुडवलं. "अरे, हाडूक आहे हे मी त्या दिवशी मासा खातानाच ओळखलं होतं. चौदा वर्षं तुझ्याकडे काढली मी. तुझी हाडकं मला कळणार नाहीत? म्हटलं, देतोय ना, घ्यावं. पण असं करावं की त्यांना कात्री घालायला जागाच सापडू नये. म्हणून रक्त नको म्हटलं. महिनाभर या आरशापुढे बसलो होतो रे. सेन्सॉरच्या कात्रीतून वाचायचा पक्का बंदोबस्त केला होता. तुझी कात्री काही माझ्या ध्यानात आली नाही."

"ऑब्री, मी काय बोलू..."

"मला एकच सांग. हात असा थरथरतोय हे दिसतं म्हणून कापलास की काम वाईट होतं म्हणून? वाईट असेल तर तसं सांग. तू सांगितलंस तर मी ऐकेन. धंद्यात सगळ्यात जुना तूच उरलास माझा."

"वाईट नव्हतं. उत्तम होतं," मी म्हणालो. "मी पाहिलं ना. उत्तम."

तो माझ्याकडे बघत राहिला. काउंट असताना बघायचा तसं नाही. साधं, एखादा माणूस पत्ता विचारताना बघतो तसं.

"मग शेवटी माझा हात काय करत होता?"

मी म्हणालो, "खुंटा... खुंटा उचलतोस तू, आणि..."

"ते पटकथेत आहे, क्लिफ."

बाहेर कुणीतरी गवत कापत होतं. मग त्याने माझा कप उचलला, स्वयंपाकघरात नेला आणि धुतला. मी मागे जाऊन विचारलं. लाज सोडून विचारलं. "काय केलंस तू तिथे? सांग ना मला. करून दाखव."

"छे रे," तो म्हणाला. रागावलाही नाही. "त्याला पेटी लागते, ती मुलगी लागते. आणि ते जमलं होतं, बाबा. जमलेलं पुन्हा करायचं म्हणजे नक्कल." हात पुसून त्याने मला कोट दिला. "सव्वाचारची गाडी मिळेल तुला. पळ."

दारात मी म्हटलं, पुढच्या सिनेमात तुझ्यासाठी खरा रोल लिहवून घेतो. तो म्हणाला, "नको. आता नको." आणि दार लावून घेतलं. हळूच, आपटलं नाही.

शनिवार, ७ ऑक्टोबर

ईनिडला खोटं सांगून क्रॉयडनला दुपारच्या खेळाला गेलो. स्वतःच्याच सिनेमाचं तिकीट काढून आत बसायची ही पहिली वेळ. थिएटर अर्धं भरलेलं. पुढच्या रांगेत एक म्हातारी आणि तिची पन्नाशीतली मुलगी. त्या मिस ट्रेंच नसतील. लंडनमध्ये आयांना घेऊन सिनेमाला जाणाऱ्या मुली काय कमी आहेत? तरी मी माझ्या सीटमध्ये खाली सरकलो.

घोडागाडी तीनदा गेली. बहिणी दोनदा पडल्या. लोक हसले, जिथे हसायचं नव्हतं तिथे.

मग आठवं रीळ. बाप मेणबत्ती घेऊन तळघराच्या दाराशी येतो, पाठमोरा. दार उघडतो. आत जातो. दार बंद होतं. आणि सकाळ. मॉइराचं काम असं आहे की जोड कुठे आहे हे मला ठाऊक असूनही दिसला नाही. कुणाला काही चुकल्यासारखं वाटलं नाही. पुढची मुलगी मात्र थोडी पुढे झुकली होती. ती तशीच बसून राहिली, मग मागे टेकली आणि आईच्या कानात काहीतरी बोलली. आई मोठ्याने म्हणाली, "मग? एवढंच?"

मी घड्याळ बघून डोळे मिटले. चार मिनिटं, सहा सेकंद. ते तळघर मीच बांधून घेतलंय, पेटीच्या खिळ्यांचा रंगही मी ठरवलाय. सगळं नीट दिसलं. पेटी दिसली, आत ती मुलगी दिसली, ऑब्री दिसला, त्याचा म्हातारा चेहरा दिसला. हात काही दिसेना. पुन्हा पुन्हा बघितलं. वेळ संपेपर्यंत बघत होतो. हात नाही दिसला.